सोनी ड्युअलसेन्स एज पीसीवर: स्टीम, एपिक, युबिसॉफ्ट, ईए आणि गेम पाससाठी जुळवताना

सोनीचा ड्युअलसेन्स एज हा गेम कंट्रोलर २६ जानेवारी २०२३ रोजी १९९.९९ डॉलरला बाजारात आला. साध्या ड्युअलसेन्सची अमेरिकेतली मूळ किंमत ६९.९९ डॉलर होती, म्हणजे जवळजवळ तिप्पट पैसे. या जादा पैशांत पाठीमागची दोन बटणं, स्टिकखाली दोन एफएन (फंक्शन) बटणं, ट्रिगरचा प्रवास तीन टप्प्यांत आखूड करणारी सरकपट्टी, स्टिकच्या बदलत्या टोप्या आणि अख्खं स्टिक मॉड्यूल काढून नवं बसवायची सोय मिळते. प्लेस्टेशन ५ वर हे सगळं मेनूतून जुळवता येतं. पीसीवर यातलं किती हाताला लागेल हे मात्र गेम कुठल्या लाँचरमधून, म्हणजे गेम सुरू करणाऱ्या कुठल्या प्रोग्रॅममधून, चालू होतो त्यावर ठरतं.

आधी निकाल सांगतो. स्टीममधल्या गेमसाठी पीसीवर यापेक्षा सोयीचा कंट्रोलर शोधावा लागेल. जीओजी आणि एपिक या दुकानांतल्या गेमसाठी थोडी मेहनत घेतली की तो तितकाच चांगला चालतो. ज्यांचं खेळणं मुख्यतः एक्सबॉक्स ॲपमधल्या गेम पासवर (मायक्रोसॉफ्टच्या वर्गणीच्या गेमसेवेवर) आहे, त्यांनी मात्र विकत घेण्याआधी त्याबद्दलचा भाग वाचून मगच ठरवावं.

वाचणारा एकच हवा

विंडोजवरच्या बहुतेक गेमना कंट्रोलर म्हणजे एक्सइनपुट एवढंच कळतं. ही पद्धत २००५ साली एक्सबॉक्स ३६० सोबत आली. तिच्यात चार मुख्य बटणं, दोन खांद्याची बटणं, दोन ट्रिगर, दोन स्टिक आणि त्यांचे दाब, दिशाबटणं, स्टार्ट आणि बॅक यांची जागा आहे. पाठीमागच्या बटणांना, जायरोला (कंट्रोलर कसा हलवला ते ओळखणाऱ्या संवेदकाला), टचपॅडला तिच्यात जागाच नाही. शिवाय ड्युअलसेन्स एज मुळात एक्सइनपुट बोलतच नाही. त्यामुळे मध्ये एक दुभाषा लागतो, जो एजचं सगळं ऐकेल आणि गेमला एक्सबॉक्सच्या किंवा कीबोर्ड-माऊसच्या भाषेत सांगेल.

हे काम स्टीममधली स्टीम इनपुट ही सोय करू शकते किंवा डीएसफोरविंडोज हा वेगळा प्रोग्रॅम करू शकतो. काही गेम ड्युअलसेन्स स्वतःच ओळखतात, तिथे दुभाषा नकोच. घोळ होतो तो दोघे एकदम वाचायला लागले की. एका दाबात दोन उड्या, मेनूत एक खूण सोडून पुढे जाणारा कर्सर, कॅमेरा फिरवताना माऊसचा बाणही सरकणं, ही सगळी एकाच दुखण्याची लक्षणं आहेत. म्हणून प्रत्येक गेमसाठी आधी ठरवा की इथे वाचणारा कोण, आणि बाकीच्यांना बंद करा. या लेखातल्या सगळ्या पायऱ्या याच एका गोष्टीसाठी आहेत.

जोडणी

यूएसबी-सी केबल जोडली की विंडोज १० आणि ११ कंट्रोलर लगेच ओळखतात. त्याच वेळी एक नवं ध्वनी उपकरणही दिसू लागतं, कारण कंट्रोलरमध्ये स्पीकर आणि हेडफोनचं भोक आहे. बऱ्याचदा विंडोज तेच मुख्य उपकरण करून टाकतं आणि पीसीचा आवाज अचानक गायब होतो. साउंड सेटिंग्जमध्ये जाऊन नेहमीचा स्पीकर परत निवडा. पण कंट्रोलरचं ध्वनी उपकरण कायमचं बंद करू नका. ड्युअलसेन्सची बारीक कंपनं त्याच चार चॅनेलच्या ध्वनीप्रवाहातून जातात. ते उपकरण बंद केलं की कंपनंही गेली.

ब्लूटूथसाठी क्रिएट आणि पीएस ही दोन्ही बटणं एकदम दाबून धरा, टचपॅडभोवतीचा दिवा भराभर लुकलुकू लागला की विंडोजच्या यादीतून कंट्रोलर निवडा. ब्लूटूथवर हा ध्वनीप्रवाह नसतो, म्हणून बहुतेक गेममध्ये बारीक कंपनं आणि ट्रिगर दाबताना बोटाला जाणवणारा विरोध केबलवरच मिळतो. बॅटरी १०५० मिलीॲम्पिअर-तासांची आहे, साध्या ड्युअलसेन्सची १५६० आहे. एवढ्या महाग वस्तूत ही कपात मला पटत नाही, पण खोक्यात २.८ मीटरची विणलेली केबल आणि ती निसटू नये म्हणून तिच्या टोकावर बसणारं कुलूप मिळतं. पीसीसमोर बसून खेळणार असाल तर केबलच वापरा.

जोडल्यावर एफएन आणि त्रिकोण एकत्र दाबा. याने कंट्रोलर त्याच्या मूळ प्रोफाइलवर येतो. प्लेस्टेशनवर बनवलेली प्रोफाइल कंट्रोलरच्या आतच साठवलेली असते आणि पीसीवरही लागू राहते. आत एक अदलाबदल आणि वर स्टीमची दुसरी, असे दोन थर साचले की चूक कुठे आहे ते सापडत नाही.

विंडोजला नक्की काय दिसतंय ते पाहायचं असेल तर विंडोज बटण आणि आर दाबून उघडणाऱ्या रन खिडकीत इंग्रजीत जॉय, टिंब, सीपीएल टाइप करा. यादीत एजचं एकच नाव असलं की ठीक. सोबत एक्सबॉक्स ३६० चा कंट्रोलरही दिसत असेल तर कुठला तरी दुभाषा आधीच चालू आहे.

स्टीम

स्टीमच्या सेटिंग्जमध्ये कंट्रोलर विभागात प्लेस्टेशन कंट्रोलरसाठी तीन पर्याय आहेत: बंद, फक्त स्वतःचा आधार नसलेल्या गेममध्ये चालू, आणि नेहमी चालू. मधला पर्याय निवडा आणि ज्या गेममध्ये वेगळं हवं तिथे गेमच्या प्रॉपर्टीजमधल्या कंट्रोलर भागातून बदल करा. जायरोचं कॅलिब्रेशन स्टीमच्या सेटिंग्जमधल्या कंट्रोलर विभागातच आहे. त्या वेळी कंट्रोलर टेबलावर सपाट ठेवा, हातात धरू नका. हातातली सूक्ष्म थरथर स्थिर म्हणून नोंदली गेली तर पुढे निशाणा आपोआप सरकत राहतो.

पाठीमागची बटणं आणि एफएन दोन्ही स्टीमला स्वतंत्र बटणं म्हणून दिसतात. हा एज घेण्याचा पीसीवरचा खरा फायदा. साध्या एक्सइनपुट कंट्रोलरवरचं पाठीमागचं बटण गेमला दुसऱ्या एखाद्या बटणाची नक्कल म्हणूनच दिसतं. इथे त्याला कीबोर्डची कुठलीही कळ देता येते.

ज्या गेमला ड्युअलसेन्सचा स्वतःचा आधार आहे तिथे स्टीम इनपुट बंद करून केबल लावा. 'मार्व्हल्स स्पायडर-मॅन रीमास्टर्ड' ऑगस्ट २०२२ मध्ये पीसीवर स्टीम आणि एपिक दोन्हीकडे आला. तो स्वतः कंट्रोलर वाचतो तेव्हा ट्रिगरचा विरोध आणि बारीक कंपनं दोन्ही मिळतात. स्टीम इनपुट मध्ये आलं की गेमला समोर साधा एक्सबॉक्स कंट्रोलर दिसतो, हे दोन्ही जातं आणि पडद्यावर चौकोन-त्रिकोणाऐवजी एक्स-वाय येतं. एपिकवरची प्रत खेळताना तर स्टीम पूर्ण बंद ठेवलेलं बरं.

दुसऱ्या लाँचरचे गेम स्टीममधून चालवणं

स्टीमच्या गेम्स मेनूत स्टीमबाहेरचा गेम लायब्ररीत जोडण्याचा पर्याय आहे. ब्राउज करून गेमची ईएक्सई फाइल निवडायची, नाव नीट द्यायचं, मग त्या शॉर्टकटच्या प्रॉपर्टीजमध्ये ओव्हरले (चालू गेमवर उघडणारी स्टीमची खिडकी) चालू आहे ना ते पाहायचं आणि कंट्रोलर भागात स्टीम इनपुट चालू असं स्पष्ट निवडायचं. नाव महत्त्वाचं आहे. स्टीमबाहेरच्या गेमचा लेआउट (कुठल्या बटणाला कुठलं काम ती मांडणी) त्या नावाशी बांधलेला असतो, आणि गेमचं खरं नाव दिलं तर इतरांनी त्या नावाखाली वाटलेले लेआउटही शोधात सापडतात. नंतर नाव बदललं तर लेआउट हरवल्यासारखा वाटतो. जुनं नाव परत दिलं की तो दिसतो.

आता बिघडतं कुठे ते. स्टीम इनपुट नकली एक्सबॉक्स कंट्रोलर सगळ्या विंडोजला दाखवत नाही. स्टीमने स्वतः सुरू केलेल्या प्रोग्रॅममध्ये, आणि त्या प्रोग्रॅमने पुढे सुरू केलेल्या प्रोग्रॅममध्येच ते शिरतं. लाँचर आधीपासून ट्रेमध्ये (टास्कबारच्या कोपऱ्यातल्या चिन्हांत) चालू असेल तर स्टीमने पाठवलेला निरोप तो चालू लाँचर घेतो, गेम तो सुरू करतो, आणि स्टीमशी साखळी तुटते. तपासणी अगदी सोपी आहे. गेम चालू झाल्यावर शिफ्ट आणि टॅब दाबा. स्टीमचा ओव्हरले उघडला तर लेआउट चालणार. नाही उघडला तर लेआउटमध्ये कितीही बदल करून उपयोग नाही, आधी साखळी जोडा.

जीओजीवर हा प्रश्नच येत नाही. गेमना कॉपीबंदीचं कुलूप नसतं, गॅलेक्सी हा जीओजीचा लाँचर चालू नसतानाही ईएक्सई फाइल थेट चालते. ती स्टीममध्ये जोडली की झालं. २००७ च्या 'द विचर'सारख्या फक्त कीबोर्ड-माऊसवर चालणाऱ्या जुन्या गेमसाठी तर हीच उत्तम वाट. कीबोर्ड-माऊसचा तयार नमुना घ्या, उजव्या स्टिकवर माऊस ठेवा, टचपॅडवर गोल मेनू बसवा आणि त्यात एक ते आठ आकडे भरा. झटपट सेव्हची कळ एफएनवर.

एपिकची गोष्ट वेगळी. काही गेमची ईएक्सई थेट चालते, म्हणून आधी तेच करून बघा. बाकीचे गेम लाँचरशिवाय उघडत नाहीत. एपिकने डेस्कटॉपवर बनवलेला शॉर्टकट स्टीममध्ये टाकण्याचा मोह होतो, पण त्या शॉर्टकटमध्ये फाइल नसते, लाँचरसाठी एक पत्ता असतो. तो विंडोजमार्फत एपिककडे जातो आणि स्टीम बाजूला राहतं. त्याऐवजी एपिकचा लाँचरच स्टीममध्ये जोडा. प्रोग्रॅम फाइल्समधल्या एपिक गेम्स फोल्डरात लाँचर, त्यात पोर्टल, त्यात बायनरीज, आणि तिथल्या विन६४ फोल्डरात लाँचरची ईएक्सई सापडते. मग ट्रेमधल्या एपिकच्या चिन्हावर उजवी टिचकी मारून तो पूर्ण बंद करा. खिडकीची फुली दाबून तो बंद होत नाही, ट्रेमध्ये जाऊन बसतो. आता स्टीममधून लाँचर उघडा आणि त्यातून गेम सुरू करा. एपिकच्या सेटिंग्जमध्ये संगणकाबरोबर आपोआप सुरू होण्याचा पर्याय असतो, तो काढून टाका, नाहीतर दर वेळी ट्रेमध्ये जाऊन बंद करावं लागेल.

या पद्धतीत एक उणीव राहते. लाँचर एकच, म्हणून सगळ्या गेमना एकच लेआउट. त्यावर उपाय असा की तीच ईएक्सई स्टीममध्ये अनेकदा जोडायची आणि प्रत्येक वेळी वेगळ्या गेमचं नाव द्यायचं. लेआउट नावाशी बांधलेला असल्यामुळे प्रत्येक नावाला आपला वेगळा लेआउट मिळतो. हे सगळं नको असेल तर हिरॉइक हा मुक्त लाँचर बघा. तो एपिक आणि जीओजी दोन्हींचे गेम चालवतो आणि गेम स्टीममध्ये जोडण्याची सोय त्यातच आहे.

युबिसॉफ्ट कनेक्टला तोच नियम लागतो: आधी ट्रेमधून बंद, मग स्टीममधून सुरुवात. स्टीमवर विकत घेतलेला युबिसॉफ्टचा गेमही कनेक्ट उघडतो, त्यामुळे कनेक्ट आधीच चालू असेल तर तिथेही साखळी तुटू शकते. कनेक्टचा स्वतःचा ओव्हरले बंद करा. दोन ओव्हरले एकाच गेममध्ये शिरले की कधी एक उघडतो, कधी कुठलाच नाही.

२०२२ मध्ये ओरिजिनच्या जागी आलेलं ईए ॲप जास्त अडतं. त्याची एक पार्श्वसेवा विंडोजमध्ये सतत चालू असते आणि गेम बहुतेकदा तिच्या हातून सुरू होतो, त्यामुळे ॲप बंद करून पुन्हा उघडलं तरी साखळी जुळेलच असं नाही. गेम स्टीमवर उपलब्ध असेल तर तिथून घेणं हा मला सगळ्यात कमी त्रासाचा उपाय वाटतो. तो आधीच ईएकडे असेल तर एक्सबॉक्स ॲपच्या भागात सांगितलेला डीएसफोरविंडोज वापरा.

आणखी एक अडथळा सगळ्या लाँचरना सारखाच आहे. लाँचर किंवा गेम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालत असेल आणि स्टीम साध्या हक्कांनी, तर विंडोज स्टीमच्या कीबोर्ड-माऊसच्या कळा त्या खिडकीपर्यंत पोहोचू देत नाही. मेनूत कंट्रोलर चालतो आणि एका विशिष्ट खिडकीवर येताच मरतो, असं दिसलं की शॉर्टकटच्या कंपॅटिबिलिटीतली ॲडमिनिस्ट्रेटरची खूण काढा.

एक्सबॉक्स ॲप आणि गेम पास

इथे स्टीम इनपुटचा हात पोहोचत नाही. हे गेम विंडोजच्या संरक्षित पॅकेजमधून चालतात, स्टीमचा ओव्हरले त्यात शिरू शकत नाही. स्टीमचा डेस्कटॉप लेआउट कीबोर्ड-माऊसच्या कळा पाठवू शकतो, पण नकली कंट्रोलर नाही.

त्यासाठी डीएसफोरविंडोज लागतो. तो व्हायजेम बस या ड्रायव्हरच्या आधाराने विंडोजमध्येच एक नकली एक्सबॉक्स ३६० कंट्रोलर उभा करतो, म्हणून लाँचर कुठलाही असला तरी गेमला तो दिसतो. या ड्रायव्हरचा विकास २०२३ मध्ये थांबवला गेला आहे, हे धरून चाला. क्रम असा ठेवा: व्हायजेम बस, मग हाइडहाइड (खरा कंट्रोलर बाकीच्यांपासून लपवणारा प्रोग्रॅम), मग संगणक पुन्हा सुरू, मग डीएसफोरविंडोज. हाइडहाइडच्या ॲप्लिकेशन्स भागात डीएसफोरविंडोजची ईएक्सई घाला, डिव्हायसेस भागात एजवर खूण करून लपवणं चालू करा, आणि कंट्रोलर काढून पुन्हा जोडा. आता खरा एज फक्त डीएसफोरविंडोजला दिसेल, बाकी सगळ्यांना नकली एक्सबॉक्स कंट्रोलर. हा टप्पा गाळला तर ड्युअलसेन्स ओळखणाऱ्या प्रत्येक गेममध्ये दुहेरी दाब येणार.

हे चालू असताना स्टीममधला प्लेस्टेशनचा पर्याय बंद करा आणि एक्सबॉक्स कंट्रोलरसाठीचं स्टीम इनपुटही. नाहीतर स्टीम त्या नकली कंट्रोलरलाच खरा समजून वाचायला घेतं. उलट बाजूही लक्षात ठेवा. परत स्टीमवर खेळायला आलात आणि स्टीमला कंट्रोलर सापडेनासा झाला, तर हाइडहाइड अजून चालू आहे. स्टीमची ईएक्सई त्याच्या यादीत घाला किंवा लपवणं बंद करा.

डीएसफोरविंडोज एजची पाठीमागची बटणं आणि एफएन ओळखतो, त्यांना कीबोर्डची कळ किंवा एक्सबॉक्सचं बटण देता येतं. पण स्टीमसारखे थर, दाबून धरण्याचे वेगवेगळे अर्थ, पडद्यावरचे मेनू यांची सोय इथे तोकडी आहे. फक्त गेम पाससाठी तिप्पट पैसे घालावेत असं मला वाटत नाही. साधा ड्युअलसेन्स किंवा थेट एक्सबॉक्सचाच कंट्रोलर घ्या.

लेआउट बांधताना

सुरुवात पाठीमागच्या बटणांपासून करा. उडी आणि चुकवणं ही दोन कामं तिथे ठेवली की उजवा अंगठा स्टिकवरून उचलावा लागत नाही. खोक्यात अर्धगोल आणि लांब पट्टी असे दोन प्रकार आहेत. लांब पट्टीवर बोट सहज जातं, पण घट्ट धरणाऱ्याच्या हातून ती नकळत दाबली जाते. तसं होत असेल तर अर्धगोल लावा.

जायरो सतत चालू ठेवू नका. एजच्या स्टिकना स्पर्श कळत नाही, म्हणून जायरो सुरू करण्यासाठी एल२ चा हलका दाब किंवा टचपॅडवरचा स्पर्श निवडा. निशाणा धरला की जायरो चालू, सोडला की बंद. माऊस म्हणून दिलेला जायरो सर्वांत अचूक असतो, फक्त गेमने कंट्रोलर आणि माऊस एकाच वेळी स्वीकारायला हवेत. पडद्यावरची बटणांची चित्रं सारखी बदलत असतील किंवा निशाणा धरताच चालणं अडखळत असेल तर गेम ते स्वीकारत नाही. मग जायरोला जॉयस्टिक कॅमेरा करा आणि गेममधला डेडझोन (स्टिकची जेवढी हालचाल गेम मोजत नाही तो पट्टा) शून्याजवळ आणा, कारण बारीक हालचाली तोच गिळतो.

ट्रिगरची सरकपट्टी बंदुकीच्या गेममध्ये आखूड ठेवायला छान वाटते, पण लेआउटमध्ये ट्रिगरच्या पूर्ण दाबावर वेगळं काम ठेवलं असेल तर आखूड टप्प्यावर ते लागतं ना ते आधी तपासा. गाड्यांच्या शर्यतीत सरकपट्टी लांबच हवी.

एका दाबात अनेक कळांची मालिका लावणं एकट्याच्या गेममध्ये सोयीचं आहे. ऑनलाइन स्पर्धेच्या गेममध्ये टाळा, तिथे एक बटण एक काम एवढंच ठेवा. अनेक गेमच्या नियमांत मालिकेवर बंदी असते.

स्टिक घर्षणावर चालणाऱ्या जुन्या पद्धतीच्याच आहेत, चुंबकीय नाहीत, त्यामुळे आज ना उद्या त्या आपोआप सरकायला लागणार. आधी स्टीमच्या कॅलिब्रेशनमध्ये डेडझोन थोडा वाढवून बघा. तेवढ्याने भागलं नाही तर पाठीमागची खिट्टी सरकवून पुढचं झाकण काढायचं, मॉड्यूलची पट्टी उचलून ते बाहेर ओढायचं आणि नवं बसवायचं. सोल्डरिंग लागत नाही. एका मॉड्यूलची अमेरिकेतली किंमत १९.९९ डॉलर आहे. ते बसवल्यावर कॅलिब्रेशन पुन्हा करायला विसरू नका.